मुबारकबीचा मेहर

मुबारकबीला कुठलीही गोष्ट त्याच दिवशी ठरवता येत नसे. बांगडीवाली दारात बसे, टोपलीतली सगळी काच मांडून दाखवी, दर उतरवी, वर पाणी मागून पिई, आणि एवढं सगळं झाल्यावर मुबारकबी शांतपणे म्हणे, "उद्या सांगते." भाजीवाल्यापासून मौलवीपर्यंत सगळ्यांना तिचं हेच उत्तर. मोहल्ल्यातल्या बायका तिला मागून 'उद्याबी' म्हणत. ते तिला ठाऊक होतं, पण त्यावरून भांडायचं की नाही हेही तिने उद्यावर टाकलेलं होतं.

दोष द्यायचा तर तिच्या बापाला द्यावा. तो नगरजवळ भिंगारच्या छावणीत गोऱ्या सोल्जरांचे कपडे शिवायचा. कापड एकदा कापलं की जोडता येतं, पण जोड दिसतो, हे त्याने पोरीला इतक्या वेळा ऐकवलं की ते कात्रीपुरतं न राहता तिच्या अंगातच मुरलं. याच बापाने तिच्या निकाहात मात्र हट्ट धरला. मेहर म्हणजे नवऱ्याने बायकोला द्यायचं कबूल केलेलं धन. आसपास तो चाळीस-पन्नासाच्या पुढे कुणी बांधत नसे. शिंपी पाचशेवर अडून बसला. त्याच्या बहिणीला सासरच्यांनी रिकाम्या हाताने हाकललं होतं, ते तो विसरला नव्हता. वरपक्षात कुजबुज झाली, एका चुलत्याने उठून जायची भाषा केली. नवरदेव मात्र हसून म्हणाला, "लिहा पाचशे. द्यायचेत कुणाला!"

हा नवरदेव चांदभाई. नगर शहरात शिरणाऱ्या दौंड रस्त्याच्या जकात नाक्यावर तो म्युनिसिपालटीचा नाकेदार होता. गाड्यांमधला माल बघायचा, जकात घ्यायची, पावती फाडून द्यायची. सरकारी पैशाला त्याने कधी हात लावला नाही आणि स्वतःच्या पैशाला कधी कुलूप लावलं नाही. नाक्यावर थांबलेला गाडीवान चहा प्यायल्याशिवाय सुटत नसे, आणि ज्याच्या घरी लग्न किंवा दुखणं निघालं तो दुसऱ्या कुणाच्या दारात जायच्या आधी चांदभाईकडे येई. पगार पुरत नसे तेव्हा लाकडाच्या वखारीचे मालक आप्पासाहेब होतेच. चांदभाई त्यांच्याकडून घेई आणि तिसऱ्याला देई, आणि तिसऱ्याकडून परत मागत नसे. मुबारकबीने विचारलं तर म्हणे, "पैसा हातात थांबला की गंजतो." गंजायला तो घरात यायला तर हवा, असं ती म्हणायची, पण ते पातेल्याला उद्देशून.

दर ईदला शीरखुर्म्याची वाटी हातात घेऊन चांदभाई एक प्रश्न विचारी. "काय मुबारक, मेहर माफ करतेस का यंदा?" ती पदर सावरत म्हणे, "उद्या सांगते." मग तो मोठ्याने हसे, आणि मुमताज, त्यांची एकुलती एक मुलगी, न कळताच त्याच्याबरोबर हसे. खरं सांगायचं तर मुबारकबीला तो माफ करायचाच होता. घेणार कुठून आणि करणार काय त्याचं? पण त्याने दर वर्षी मागावं यात तिला गोडी होती, आणि ती तिला सोडवत नव्हती.

महायुद्ध चालू होतं. चव्वेचाळीस सालच्या वैशाखात चांदभाईला ताप चढला तो उतरलाच नाही. एका सकाळी तो गेला. त्याच्या पगारातून दर महिन्याला कापलेल्या पैशांचा फंड म्युनिसिपालटीत साठलेला होता. वारस म्हणून कुणाचं तरी नाव लिहून दे, असं कचेरीने त्याला अनेकदा सांगितलं होतं. "मरायची एवढी घाई कशाला?" असं म्हणून त्याने ते टाळलं. बायकोला उद्याबी म्हणणाऱ्या मोहल्ल्याला तिच्या नवऱ्याचा हा उद्या कधी दिसला नाही.

मिरजगावहून त्याचा धाकटा भाऊ शमशेर मिळेल त्या मोटारीने आला. मय्यतीला गुसल, म्हणजे शेवटची आंघोळ, झाली, कफन चढलं, आणि जनाजा उचलायच्या आधी आतल्या अंगणात बायकांनी मुबारकबीला धरून आणलं. इमामबी खाला पुढे झाली. जन्ममरणाच्या वेळी मोहल्ल्यात तिचाच शब्द चाले. नवऱ्याच्या मय्यतीजवळ बायकोने मेहर माफ करायचा, म्हणजे तो ओझं न घेता मातीआड जातो, ही आपल्याकडची जुनी रीत. खालाने तिचा हात जनाज्यावर ठेवला आणि म्हणाली, "मुबारक, बोल. मेहर माफ केला, आसं तीनदा बोल."

मुबारकबीच्या तोंडून नेहमीचं उत्तर गेलं. "उद्या सांगते."

एक बाई तोंडाला पदर लावून रडत होती, तिचं रडं थांबलं. खालाने मुबारकबीला हलवलं. "अगं, मय्यतीला उद्या नसतो. सूर्य डोक्यावर आला. बाहेर मानसं खोळंबलीत. तू बोलल्याशिवाय जनाजा उचलायचा न्हाई." बाहेरून पुरुषांच्या हाका येत होत्या. मुबारकबीला सगळं स्पष्ट दिसत होतं, सगळं ऐकू येत होतं. एकदा त्याच्याकडे बघावं, त्याने वाटी हातात घेतलेली असताना बघायची तसं बघावं, आणि मग बोलावं, एवढंच तिला हवं होतं. तेवढी उसंत तिला कुणी दिली नाही. ती तीनदा बोलली, खणखणीत आवाजात, आणि जनाजा उचलला गेला.

तिकडे मैदानात नमाजेच्या आधी मौलवींनी रीतीप्रमाणे विचारलं, मय्यतीकडे कुणाचं देणं असेल तर त्याने माफ करावं, नाहीतर वारसांकडून घ्यावं. गर्दीच्या कडेला आप्पासाहेब उभे होते. ते काही बोलले नाहीत, नुसतं जमिनीकडे बघत राहिले. पण अख्खी गर्दी त्यांच्याकडे बघत होती. शमशेर पुढे झाला. "भाईचं जे काय देनं आसंल ते माज्यावर," तो म्हणाला. देणं किती हे त्याला तेव्हा माहीत नव्हतं. कळल्यावरही त्याने शब्द फिरवला नाही. त्याने बैलजोडी विकली, गाडी विकली आणि आप्पासाहेबांचं देणं व्याजासकट फेडलं. पेरणीला त्याने दुसऱ्याचे बैल मागून आणले.

असा माणूस वाईट म्हणायचा कसा? तो वाईट असता तर मुबारकबीचं काम सोपं झालं असतं.

इद्दत, म्हणजे विधवेने पाळायचे चार महिने दहा दिवस, संपेपर्यंत मुबारकबी रीतीप्रमाणे घराबाहेर पडली नाही. ती संपल्यावर शमशेर आला. दारातच बसला, आत आला नाही. म्हणाला, "भाबी, भाईचं देनं मी फेडलं. तवा फंड मी घेतो, बैलं परत घेतो. तुमी आन् मुमताज मिरजगावला चला. आमी खाऊ ते तुमी खावा. माज्या थोरल्याला मुमताज करून घेतो, म्हंजे पोरगी घरच्या घरात राहील."

बोलणं सरळ होतं, आणि म्हणूनच त्याला नाही म्हणणं कठीण होतं. जावेच्या चुलीपुढे जन्म काढायला तिची स्वतःची ना नव्हती. पण मुमताज तेरा वर्षांची होती आणि मुलींच्या उर्दू शाळेत जात होती. दोन वर्षांत सातवीची फायनल पास होईल, लगेच मास्तरीण म्हणून लागेल, असं शाळेच्या मोठ्या बाई म्हणाल्या होत्या. स्वतःच्या सहीने पगार घेणारी बाई मुबारकबीच्या माहेरात नव्हती की सासरात नव्हती. इकडे बापाचं शिवणकाम तिला येत होतं, पण युद्धापायी कापडावर कंट्रोल आलेला, शिवायला आणायचं काय? भाडं थकलेलं. फंड मिळाला तर ती दोन वर्षं निघणार होती. नाही मिळाला तर मिरजगाव.

"उद्या सांगते," ती शमशेरला म्हणाली. आणि दुसऱ्या दिवशी बुरखा घालून ती फक्रुद्दीन वकिलांकडे गेली.

वकिलांनी सगळं ऐकलं. फंडाच्या कागदावर नाव नसल्यामुळे कोर्टाचा वारस दाखला लागणार, आणि दाखला मागितला की शमशेर आपण फेडलेलं कर्ज पुढे करणार, हे त्यांनी सांगितलं. "त्याचे पैसे आधी काढले तर फंडात काही उरत नाही. पण बाई, मेहर हेही नवऱ्यावरचं देणंच आहे. ते कोर्टात टिकलं तर फंडातला मोठा भाग तुमचा." मग त्यांनी चष्मा काढला. "तो तुम्ही माफ केलात?"

"बोलले मी. तीनदा."

"शुद्धीवर होतात?"

"हुते की."

"असं म्हणायचं नाही," वकील म्हणाले. "दुःखाने भान हरपलं होतं, काय बोलले ते आठवत नाही, असं म्हणायचं. मग ती माफी कायद्याने टिकत नाही."

"उद्या सांगते, वकीलसाहेब."

"कोर्टाला तुमचा उद्या चालत नाही," वकील म्हणाले, "पण तारीख चालते. ती लांबची मागून घेतो. तोवर ठरवा."

तारखा पडत गेल्या आणि मुबारकबी ठरवत राहिली. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, अशी गत. माफ केला म्हणावं तर मुमताजची शाळा सुटते. केला नाही म्हणावं तर चांदभाई, ज्याने अर्ध्या गावाची देणी माफ केली, तो बायकोचा देणेकरी होऊन मातीत पडलेला. आणि तेही कोर्टात, परक्या पुरुषांसमोर म्हणायचं. इमामबी खाला एकदाच घरी आली. चहा घेतला नाही. "त्याच्या मानेवरचं ओझं तू उतरवलंस," ती म्हणाली, "आता पैशापायी ते पुन्यांदा चढवू नगंस." तेव्हापासून मोहल्ल्यातल्या बायका नळावर तिला जागा देत, पण बोलत नसत. पूर्वी मागून उद्याबी म्हणायच्या, आता तेही बंद झालं, आणि आश्चर्य म्हणजे तिला त्या नावाची आठवण येऊ लागली.

तिने चांदभाईवर राग धरला. दुसऱ्या कुणावर धरता येत नव्हता. कागदावर एक नाव लिहायला तुला काय झालं होतं, असं ती कपडे पिळताना पुटपुटे. मग त्याचं हसणं आठवे आणि रागही नीट धरता येत नसे.

शेवटी साक्षीचा दिवस आला. शमशेरच्या वकिलांनी इमामबी खालाला उभं केलं. तिने कुराणाची शपथ घेतली. मुबारक तीनदा बोलली, मोठ्याने बोलली, सगळ्यांनी ऐकलं, असं तिने सांगितलं. त्यात एक अक्षर खोटं नव्हतं. मग फक्रुद्दीन वकील उठले.

"खाला, तुम्ही बोल म्हणालात आणि ती लगेच बोलली?"

खालाने मुबारकबीकडे पाहिलं, मग वर छताकडे. शपथ घेतलेली बाई ती.

"न्हाई. आदी म्हनली, उद्या सांगते."

कोर्टात हशा पिकला. मागच्या बाकावर शमशेरबरोबर आलेली चार माणसंही हसली. जज्जसाहेब हसले नाहीत. "मग तुम्ही काय म्हणालात?" त्यांनी विचारलं.

"म्हनलं, मय्यतीला उद्या नसतो. बोलल्याबिगर जनाजा उचलायचा न्हाई."

नंतर मुबारकबी. वकिलांनी शिकवलेलं वाक्य तिच्या ओठांवर तयार होतं. पण खालाने जे आपल्याच बाजूच्या विरुद्ध जाऊन खरं सांगितलं, त्याच्यापुढे ते वाक्य तिला बोलवेना.

"मी शुद्धीवर हुते," ती म्हणाली. फक्रुद्दीन वकिलांनी कपाळाला हात लावला. "मला सगळं आठवतं. मला त्याला माफ करायचंच हुतं साहेब, पण मला करायचं हुतं. तिथं मला कुणी विचारलं नाही. दार लावून बायका उभ्या, उन्हात मय्यत ठेवलेली. नाही म्हणायला जागा असती तर माझ्या हो म्हणण्याला काही किंमत. ते बोलणं माझ्या तोंडातून निघालं, माझं नव्हतं."

एवढं बोलून तिला हुंदका आला. नवरा गेला तेव्हा चारचौघांत ती रडली नव्हती. ती त्या कोर्टात रडली.

महिन्याभराने निकाल लागला. माफी दबावाखाली घेतलेली, ती धरता येत नाही, असं जज्जसाहेबांनी लिहिलं. मेहर फंडातून मुबारकबीला मिळावा. शमशेरने भावाचं कर्ज फेडलं ते भर मैदानात, स्वखुशीने अंगावर घेऊन फेडलं; त्याला कुणी भाग पाडलं नव्हतं, तेव्हा ते फंडातून परत मागता येणार नाही. मेहर जाऊन उरेल त्यात बायको, मुलगी आणि भाऊ यांचे शरियतीप्रमाणे वाटे पडावेत. शमशेरच्या वाट्याला त्यातून बैलाची शेपटी यावी एवढं आलं.

बाहेर आल्यावर फक्रुद्दीन वकील खुशीत होते. "तुम्ही माझं ऐकलं नाहीत आणि जिंकलात," ते म्हणाले. मग आवाज खाली आणून त्यांनी बजावलं, "पण अपिलाची मुदत अजून जायची आहे. पैसे हातात पडेपर्यंत माफ हा शब्द तोंडातून काढायचा नाही. चुकूनही नाही. कोणी ऐकलं आणि वरच्या कोर्टात जाऊन सांगितलं, की बाईने नंतर राजीखुशीने माफ केला, तर सगळं मुसळ केरात." एवढं सांगून ते दुसऱ्या खटल्याला गेले.

मुबारकबी आवारातल्या लिंबाखाली उभी राहिली. मुमताजच्या शाळेची फी आता भरता येईल, ती पुन्हा पुन्हा मनात म्हणत होती, कारण त्याशिवाय दुसरं काही मनात आणायची तिला भीती वाटत होती. समोरून शमशेर आला. त्याची चार माणसं जरा मागे, बिडी ओढत थांबली होती.

"भाबी," तो म्हणाला, "येक सांगू? राग म्हनून न्हाई." पटक्याचा शेव त्याने हातात धरला होता. "तितं मैदानात मलाबी कुनी इचारलं न्हवतं. समदी गर्दी आप्पासायबाकडं बगत हुती, मग माज्याकडं बगाया लागली. भावाचा जनाजा म्होरं. मी काय न्हाई म्हननार हुतो? तुमचं बोलनं मनातून न्हवतं, हे कोर्टाला पटलं. माजं मातूर मनातून हुतं म्हनं. बैलं गेली माजी."

त्याचं म्हणणं खरं होतं, आणि तिचंही खरं होतं, आणि फंड एकच होता. जज्जाने तिची बेडी काढली होती ती त्याच्या पायात घालून. हे तिला उन्हासारखं लख्ख दिसलं आणि तरी पैसे परत घ्या, असं तिला म्हणवलं नाही. मुमताजची शाळा आडवी आली.

"ऱ्हाऊ द्या," शमशेर म्हणाला. "मोटारीला येळ हाय. तवर कबरस्तानात जाऊन येतो, फातेहा पढतो. तुमा बायकांना तितं येता येत न्हाई, म्हनून इचारतो." तो थोडा जवळ आला, डोळे खाली घालून. "आता हितं कोर्ट न्हाई, खाला न्हाई. कुनाची बळजबरी न्हाई. भाईला तुमी माफ केलं का? त्येला काय सांगू?"

आणि त्या क्षणी तिच्या मनात कसलीच अडचण उरली नाही. राग नव्हता, हिशेब नव्हता. शीरखुर्म्याची वाटी धरलेला तो माणूस तिला दिसला आणि होय, केलं, कधीच केलं, असं तिचं सगळं अंग म्हणालं. आज प्रथमच कुणीतरी नीट विचारलं होतं. उत्तर तिचं, तिच्या मनाचं होतं.

तिने तोंड उघडलं. बिडीवाल्या चौघांतला एकजण मान वळवून इकडे बघत होता. शमशेर भाऊ म्हणून विचारतोय की हरलेला माणूस म्हणून, हे तिला त्याच्या खाली घातलेल्या डोळ्यांत दिसेना. कदाचित त्यालाही ते ठाऊक नसेल.

मुबारकबीने ओठ मिटून घेतले आणि बुरख्याचा पडदा तोंडावर ओढला.

शमशेरने पटक्याचा शेव खांद्यावर टाकला. "बरं," तो म्हणाला. "तसं सांगतो." आणि तो कबरस्तानाच्या रस्त्याला लागला.